ओढ्याकडचा पहारा

साळूचं कुणी खरं मानलं नाही, याचा मला अजून राग येतो.

फार मागं एका डोंगराच्या कुशीत वानरांचे तीन कळप राहायचे. प्रत्येकाची पंचायत वेगळी, पहारा वेगळा. पहाऱ्यावर बसेल त्याला झाडाचं पहिलं पिकलं उंबर मिळायचं. ओढ्याकडच्या कळपाचा पहारा साळू वानरीकडं होता.

एके दिवशी वडावरच्या थोरल्या हुप्प्यानं तिन्ही पंचायती मोडून एकच केली. म्हणाला, “तीन-तीन पहारेकरी कशाला पोसायचे? वड सगळ्यांत उंच. तिथला एकच पहारा पुरे.”

साळू म्हणाली, “दादा, वडावरून डोंगर दिसतो, पण करवंदीच्या जाळीमागचा ओढा दिसत नाही. बिबट्या तिथनंच येतो. एकदा खाली येऊन बघा तरी.”

“हिला फुकटच्या उंबराची चटक लागलीय!” कुणीतरी ओरडलं, आणि सगळी पंचायत दात विचकून हसली. हुप्प्या काही ओढ्यावर गेला नाही.

पहारा गेला, तशी साळूही पोटासाठी लांब भटकायला लागली. एका दुपारी पिल्लं ओढ्यावर पाणी पीत होती. वडावरचा पहारेकरी डोळे फाडून डोंगराकडं बघत होता. बिबट्या जाळीतून आला आणि साळूचं पिल्लू घेऊन गेला.

संध्याकाळी वडावर पंचायत भरली. साळू एका फांदीवर रिकाम्या हातांनी बसली होती.

हुप्प्यानं विचारलं, “ओढ्यावर शेवटचा पहारा कुणाचा होता?”

सगळ्यांनी एकच नाव घेतलं. साळू.