तीन गाठींचा दोर

फार फार वर्षांपूर्वी, तुमच्या-माझ्या पणजीच्याही पणजीच्या काळात, एका राज्यात एक चित्रकथी राहायचा. कागदावर चित्रं काढायची, त्यांची पोथी बांधायची आणि एकेक चित्र दाखवत गोष्ट सांगायची, हे त्याचं काम.

बाकीचे चित्रकथी राजे आणि लढाया रंगवत. हा मात्र गावातली घरं रंगवायचा. कुणाची सासू नातीला मांडीवर घेऊन भाकऱ्या थापतेय, कुणाचा दीर रुसून ओट्यावर बसलाय. दुसऱ्यांच्या घरात डोकावायची त्याला भारी हौस. मायेनं डोकावलं तर त्यात वाईट काय?

एकदा त्याला दरबारातून बोलावणं आलं. चित्रं तपासायला आधी कारभारी आला. गावच्या विहिरीवर पाणी ओढणाऱ्या बायकांचं चित्र बघून त्याच्या कपाळाला आठ्या पडल्या.

"दोराला या गाठी कसल्या?"

"पाणी खोल गेलंय, सरकार. चार दोर जोडावे लागतात."

"गाठी पूस. बायकांना दागिने घाल. नाहीतर या राज्यात तुझी पोथी पुन्हा उघडायची नाही."

पोथी मिटली तर त्यानं जगायचं कसं? त्याला दुसरं काही येत नव्हतं. त्यानं गाठी पुसल्या, सुरकुत्या बुजवल्या, पाटल्या रंगवल्या.

पण नवी पोथी आधी आपल्या गावाला दाखवायची, ही त्याच्या घरची रीत. देवळासमोर सगळे जमले. विहिरीचं चित्र आलं तशी ठकूआजी पुढे सरकली.

"बाई देखणी आहे हो. कुणाच्या घरची?"

"आजी, तुम्हीच आहात."

सगळे हसले. आजीनं आपले तळहात पुढे केले. "मग गाठी कुठे गेल्या? या हातांना तर त्या पाठ आहेत. नटवलंस रे बाबा, पण आम्ही कुठं आहोत यात?"

 त्याच दुपारी चित्रकथीनं ते चित्र गाठी-सुरकुत्यांसकट नव्यानं काढलं.

दरबारात त्यानं तेच चित्र पुढे धरलं. राजानं वाकून गाठी मोजल्या. "तीन?"

"गेल्या साली दोन होत्या, महाराज."

राजा कारभाऱ्याकडे वळला. "तुम्ही तर म्हणाला होतात, विहिरी काठोकाठ आहेत." आणि तिथल्या तिथं त्या गावात तळं खोदायचा हुकूम सोडला.

पुढच्या उन्हाळ्याआधी गावाच्या वरच्या अंगाला तळं झालं, विहिरीला पाणी वर आलं. ठकूआजी चित्रकथीला म्हणाली, "आता गाठी पूस खुशाल. सुरकुत्यांना मात्र हात लावू नकोस."

म्हणून सांगते, माणसाचं जगणं आहे तसं दाखवावं. झाकलेल्या दुःखावर कुणी इलाज करत नाही.