कबुतरांखालचे शिपाई

एका डोंगरी राज्यात रंगोपंत नावाचे एक कारकून होते. दरबारचा जमाखर्च लिहायचे. अक्षर मोत्यांसारखं, स्वभाव मात्र असा भित्रा, की स्वतःच्या सावलीलाही म्हणतील, 'आधी आपण!' बावीस वर्षांत त्यांनी एक बेरीज चुकवली नव्हती, आणि एक प्रश्नही विचारला नव्हता. जुनं पान नव्या वहीत उतरवायचं आणि माथ्यावर लिहायचं, 'मागील पानावरून पुढे चालू'. झालं काम!

राजाला आपल्या फौजेचा कोण अभिमान! "आमचा शिपाई महिना सहा रुपयांत पडतो. एवढी स्वस्त फौज आहे का कुणाकडे?" असं तो येईल त्या पाहुण्याला सांगायचा. पाहुणे माना डोलवायचे. राजाच्या घरी जेवून नाही कोण म्हणणार?

एका वर्षी जकात कमी आली आणि खजिन्याचा तळ दिसू लागला. कारभारी होते त्र्यंबकराव. त्यांनी हुकूम सोडला, "धर्मादाय निम्मा करा. पुण्य काय, पुढच्या वर्षीही पडेल पदरात."

दुसऱ्या दिवशी धोंडजी गोलंदाज दफ्तरात आला. तीस वर्षं त्याने गडाची तोफ चालवली होती. तोफेपायी कान गेले, म्हणून तो साधी गोष्टही ओरडून सांगायचा. चाकरी संपल्यावर त्याला महिना तीन रुपये मिळत. आज हातावर दीडच पडला.

"पंत, बाकीचे कुठायत?"

"धर्मादाय निम्मा झाला, धोंडजीबाबा!" पंतही ओरडले.

"अहो, मग ते भिकाऱ्यांना सांगा की! माझा काय संबंध?"

पंतांनी पान उघडून वाचून दाखवलं. 'मुंग्यांना साखर. कबुतरांना दाणे. म्हातारे शिपाई, चारशे.'

"कबुतरांच्या खाली?" या खेपेला धोंडजी ओरडला नाही. "पंत, कबुतरांनी कुठली लढाई मारली हो?"

दीड रुपया पंतांच्या पुढ्यात ठेवून तो निघून गेला. पोटात भूक होती, पण भीक घेईना. पंतांना भारी लाज वाटली.

त्यांनी जुन्या वह्या काढल्या. साठ वर्षांपूर्वी लढाईत हात गमावलेल्या एका शिपायाला पोटापुरतं द्यायचं ठरलं होतं. ते कुठल्या सदरात लिहावं हे तेव्हाच्या कारकुनाला सुचलं नाही. त्याने आपलं धर्मादायात ढकलून दिलं. पुढे काय, 'मागील पानावरून पुढे चालू'! त्यातली बावीस पानं खुद्द रंगोपंतांच्या हातची होती.

दसऱ्याचा दरबार भरला. त्र्यंबकराव ऐटीत उठले. "महाराज, धर्मादायातून महिना सहाशे रुपये वाचले. सहा रुपयांप्रमाणे शंभर नवे शिपाई ठेवू."

"साडेसात," कुणीतरी म्हणालं.

सगळ्यांनी वळून पाहिलं. ते रंगोपंत होते. आपलाच आवाज ऐकून तेच जास्त दचकले होते.

"पंत, बेरीज विसरलात काय?" त्र्यंबकराव हसले.

"बेरीज बरोबर आहे, सदर चुकलंय," पंत म्हणाले. आता त्यांची जीभ थांबेना. "शिपाई आज राबतो, तेव्हाच आपल्या म्हातारपणाचा घासही कमावतो. तो आपण मांडतच नाही. महिना दीड रुपया धरा. सहा आणि दीड, साडेसात."

"फौज महाग होईल, महाराज!" त्र्यंबकराव ओरडले.

"फौज महागच होती, कारभारी. आपण नुसती किंमत नातवंडांच्या माथी मारत होतो."

राजाचे डोळे लाल झाले. "म्हणजे इतकी वर्षं मी पाहुण्यांना खोटं सांगत होतो?"

साठ वर्षांपूर्वीच्या कारकुनावर सगळं ढकलून मोकळं होता आलं असतं. मेलेला माणूस काय उलट बोलणार? पंतांच्या मनात तेही येऊन गेलं. पण त्यांनी पागोटं काढून खाली ठेवलं.

"नाही महाराज. खोटं मी लिहीत होतो, बावीस वर्षं. माझी नोकरी घ्या, हवं तर कैदेत टाका. पण ती चारशे माणसं चाकरीची आहेत, त्यांना दानधर्मातून काढा."

राजा स्वतः खाली उतरला आणि ते पागोटं उचलून त्याने पंतांच्या डोक्यावर ठेवलं.

"घोडा घेताना मी दाणावैरण आधी धरतो," तो म्हणाला. "माणूस घेताना कसा विसरलो? त्र्यंबकराव, नवी भरती थांबवा. म्हाताऱ्यांचे पैसे आजच पुरे करा. आणि इथून पुढे दर शिपायामागे दीड रुपया दरमहा वेगळ्या पेटीत पडला पाहिजे. कमी पडलं तर माझ्या मिरवणुकीचे हत्ती विका!"

शाबास रे राजा! दोन हत्ती खरंच विकले गेले. पंतांनी धर्मादायाच्या पानावरची ती ओळ खोडली आणि फौजेच्या वहीत नवं सदर उघडलं, 'चाकरीचा राखीव पगार'. माथ्यावर मागल्या पानाचा उल्लेख नव्हता.

पुढच्या पहिल्या तारखेला गडाच्या चौकात चारशे म्हातारे हजेरीच्या रांगेत उभे राहिले. शेजारी तरणे शिपाई, तीच वही, तोच पगार वाटणारा. रंगोपंतांनी छाती भरून पुकारा केला, "धोंडजी, गोलंदाज!"

"हजर!" म्हातारा असा गरजला, की खालच्या बाजारातले लोक वर बघायला लागले. त्याने तीन रुपये मोजून घेतले, कमरेला खोचले आणि मुजरा करून ताठ मानेने रांगेत परत गेला.

तात्पर्य: राबणाऱ्याचं म्हातारपण पोसणं हे दान नव्हे, देणं आहे, आणि उद्याचं देणं जो आजच मांडतो, तोच खरा हिशेबी.