संहितेशिवाय पडदा नाही

शाल्मली टेंबे नाटक करायची, पण संहितेशिवाय. प्रेक्षकांनी विषय द्यायचा आणि हिनं तिथल्या तिथं नाटक उभं करायचं. उरलेल्या वेळात ती पॉडकास्टवर लोकांना बोलतं करायची.

येत्या रविवारचा प्रयोग आधीच हाउसफुल्ल झाला आणि नाट्यगृहाचे व्यवस्थापक हुपरीकर आडवे आले. "आधी लेखी संहिता. मी तपासणार, शिक्का मारणार, मगच पडदा वर!"

"पण साहेब, नाटक रविवारीच सुचणार."

"मग रविवारी घरी बसा."

"बरं. माझ्या पॉडकास्टला मुलाखत तरी द्याल?"

हुपरीकर मिशीला पीळ देत माइकसमोर बसले ते तासभर उठले नाहीत. आपण नसतो तर रंगभूमी कशी बुडाली असती, विश्वस्त कसे बिनडोक आहेत, नाटकांच्या मेकअपमनकडून आपण मिशी कशी फुकट रंगवून घेतो, सगळं सांगून झालं.

दुसऱ्या दिवशी शाल्मलीनं वीस पानी संहिता टेबलावर ठेवली. हुपरीकरांनी लाल पेन उघडलं आणि तिसऱ्याच पानावर ते खवळले.

"हे पात्र कुणाला पटेल? इतका बढाईखोर मूर्ख जगात असतो का?"

"साहेब, ही तुमचीच मुलाखत आहे. नाव तेवढं बदललंय."

पेन हवेतच थांबलं.

"रविवारी पहिल्या रांगेत विश्वस्त बसणार आहेत," शाल्मली नम्रपणे म्हणाली. "तुम्हीच सांगा, लिहिलेलं करू की सुचेल ते?"

"सुचेल ते!" हुपरीकर ओरडले. "कोरा कागद आणा, शिक्का मारतो!"