हातभर माती

त्या माळावर पाणी एकाच तळ्यात होतं, आणि ते समुद्रापलीकडून आलेल्या हंसांनी अडवून धरलं होतं. माळावरचे लावे दवावर दिवस काढत. अखेर बगळ्यांनी आणि साळिंदरांनी मिळून हंसांना हुसकावलं. हंस गेले, आणि त्यांच्या जागी काठावर बगळे बसले.

"पाण्याचं आता आम्ही बघतो," बगळ्यांचा म्होरक्या म्हणाला.

साळिंदरांना ते पटलं नाही. पाणी सगळ्यांचं, असं म्हणत ती तळ्यापासून माळापर्यंत चर खोदू लागली. पुढे होती गोदाक्का. हंसांच्या काळात तिचा एक डोळा गेला होता. तिच्या जोडीला येसबा होता, बोलण्यात गोड आणि खोदण्यात चिवट.

एके दिवशी म्होरक्यानं येसबाला काठावर बोलावलं. तो परत आला तेव्हा त्याच्या पायांना ओला चिखल होता.

"पाणी प्यायलास?" गोदाक्कानं विचारलं.

"बोलणी केली. त्याच्या मदतीनं चर लवकर होईल."

"प्यायलास का, ते विचारतेय."

येसबा पाय कोरड्या मातीत घासू लागला. त्या दिवसापासून साळिंदरं एकमेकांचे पाय हुंगू लागली. येसबानं आपली साळिंदरं घेऊन वेगळा चर धरला. मग त्यांच्यातलीही काही फुटली. चार वर्षांत सात चर झाले. प्रत्येक चर तळ्यापासून हातभर अलीकडे थांबला होता, कारण शेवटची माती आपल्याशिवाय कोणी फोडू नये यासाठी प्रत्येक टोळीनं तिथे पहारा बसवला होता.

पुढे म्होरक्यालाही सगळ्यांचा संशय येऊ लागला. त्यानं साळिंदरं उचलून एका खडकाळ कोरड्या विहिरीत टाकली. तिथे कोल्हेही होते. बगळ्यांचं त्यांच्याशीही वाकडं होतं. विहिरीत गोदाक्का आणि येसबा कित्येक वर्षांनी शेजारी झोपले. कोल्हे अदबीनं वागत. कुठला चर कुठून जातो, हे ते आस्थेनं विचारून घेत.

दोन उन्हाळ्यांनी सगळा माळ बगळ्यांवर उठला. बगळे उडाले. विहिरीतून सुटलेली साळिंदरं आणि कोल्हे एकत्र तळ्याच्या काठावर आले. आता फक्त हातभर माती फोडायची होती.

"हे कोल्हे रोज दिवस मावळला की कुठे जातात?" गोदाक्कानं विचारलं.

"आपल्या बिळात. त्यात काय?"

"त्यांच्या बिळात काय ठरतं, ते तुला ठाऊक आहे?"

"आणि तुला बगळ्यांनी काय कबूल केलंय, ते मला ठाऊक आहे," येसबा म्हणाला.

मग पहिला चर कोणाचा फोडायचा यावरून काटे फुलले. भांडण महिनाभर चाललं. तेवढ्यात बगळे परतले, साळिंदरं पांगली, आणि कोल्हे न भांडता निघून गेले.

बऱ्याच वर्षांनी गोदाक्का एकटीच टेकडीवर चढली. खाली सातही चर कोरडे पडले होते, लाव्यांच्या घरट्यांपर्यंत सरळ गेलेले. चरांमधून काहीतरी सरकत होतं. तिनं उरलेला डोळा बारीक केला. तांबूस पाठी होत्या, एकामागे एक, चराच्या कडेआड वाकलेल्या.

चरातून सरसर ऐकू येताच लावे पिलांना घेऊन बाहेर आले. पाणी आलं असं वाटून ते चराच्या कडेशी दाटीनं बसले.

"मागे व्हा," गोदाक्का वरून ओरडली. "चरापासून मागे व्हा."

लाव्यांनी माना वर केल्या.

"ही कोणाकडून बोलतेय?" एक म्हातारा लावा म्हणाला.

कोणालाच सांगता आलं नाही. पिलं चोची उघडून चरात वाकली.