राजांचं कालचं घोरणं

राजे भूपतराव भरदुपारी सज्जात झोपून घोरले, आणि सगळी पंचाईत तिथेच झाली.

गडावर तेव्हा मुकं धुकं उतरलेलं. वर्षातून एकदा ते यायचं, चार दिवस मुक्काम ठोकायचं. त्यात केलेला आवाज तेव्हा अजिबात ऐकू यायचा नाही. दुसऱ्या दिवशी त्याच वेळी तो गडभर घुमायचा. चूल पेटलेल्या घरात धुकं शिरत नसे, म्हणून लोक चुलीपाशी बसून बोलत.

आणि उद्या भरदुपारीच राजकन्येचा साखरपुडा होता.

राजांनी नगारा वाजवणाऱ्या हैबतीला मुदपाकखान्यात, चुलीपाशी बोलावलं. "उद्या असा नगारा बडव, की माझं घोरणं त्यात बुडालं पाहिजे."

"पण महाराज, उद्या बडवलेला नगारा परवा वाजेल."

"सबबी नकोत. व्याह्यांच्या कानावर माझं घोरणं पडलं, तर तुझं बिऱ्हाड गडाखाली."

हैबती घरी आला तो चेहरा पाडूनच. त्याची बायको येसू पोळ्या लाटत होती. लग्नाला महिना होत आला, तरी सासरी तिचा आवाज कुणी धड ऐकला नव्हता. तिनं सगळं ऐकून घेतलं, पोळी उलटली आणि म्हणाली, "अहो, आपल्या लग्नात तुमचे मामा पंगतीनंतर मांडवात कसे झोपले होते?"

"त्याचं इथं काय?"

"पहिली पंगत उठली की सगळे आडवे. आणि उठल्यावर जो तो म्हणे, मी नव्हतो घोरत."

सकाळी ती मुदपाकखान्यात राजांपुढे उभी राहिली. "साखरपुडा उतरत्या उन्हाला ठेवा, महाराज. आणि आजचा स्वयंपाक माझ्याकडे द्या."

व्याही आले ते उपाशीपोटीच. पंगत मुदपाकखान्यात, पेटत्या चुलींपाशीच मांडली होती. येसूनं पुरणपोळीवर तुपाची धार सोडली ती थांबवलीच नाही.

"पुरे हो, पुरे."

"डोंगर चढून आलात, अर्धी तरी घ्या." ती अर्धी कधीच अर्धी नसायची.

विडा तोंडात असतानाच पाहुणे लोडांना टेकले आणि एकेक करून आडवे झाले. तेवढ्यात कालचं घोरणं गडावर घुमलं. भांडी थरथरली. राजांनी डोळे मिटून घेतले.

थोरले व्याही दचकून उठले. इकडेतिकडे पाहिलं, पागोटं सावरलं आणि ओशाळून राजांना म्हणाले, "माफ करा हं. घरचेही सांगतात मला, पण एवढं मोठं असेल असं वाटलं नव्हतं."

"चालायचंच," राजे उदारपणे म्हणाले.

उतरत्या उन्हाला साखरपुडा थाटात झाला. मग राजांनी येसूला मुदपाकखान्यात गाठलं. "पोरी, पडलंच की घोरणं त्यांच्या कानावर. आता काय म्हणतेस?"

"पडलं, महाराज. पण त्यांनी ते स्वतःच्या पदरात घेतलं."

राजांनी हातातलं सोन्याचं कडं काढून तिच्यापुढे ठेवलं, हैबतीचा नगारा त्याच्या नातवंडांपर्यंत कायम केला, आणि हसू आवरेना म्हणून ते बाहेर धुक्यात पळाले. पोट धरून हसले, पण आवाज काही आला नाही.

तो आला दुसऱ्या दिवशी. थोरले व्याही तेव्हा निरोप घेऊन पालखीत डुलक्या काढत होते. गडभर खदाखदा हसू घुमलं. ते खडबडून जागे झाले आणि पडद्यातून डोकं काढून म्हणाले, "माफ करा हं, मीच." अर्थात, गडाला ते ऐकू आलं त्याच्या दुसऱ्या दिवशी.