ऊब आहे?

पूर्वी धगमाळ नावाच्या जळत्या पर्वतावर राजा धूमकेश राज्य करीत असताना बोधिसत्त्व निखारूंच्या कुळात जन्माला आले होते. निखारू म्हणजे मुंगसाएवढा, तांबूस खवल्यांचा प्राणी. तो गंधक चाटून जगे. त्याची मादी गरम राखेत अंडे पुरून त्यावर बारा दिवस बसे. कोणत्या उतारावर अंडी पुरायची, हे बोधिसत्त्व जमिनीला पोट लावून ठरवीत. राजाने त्यांना त्यासाठीच नेमले होते. निवड चुकली तर पद सोडावे लागे.

निखारू भेटले की विचारीत, "ऊब आहे?" उत्तर एकच, "आहे, आहे." दुसरे उत्तर कुणी दिल्याचे कुणाला आठवत नव्हते.

त्या वर्षी बोधिसत्त्वांनी पूर्वेचा उतार निवडला, आणि सातव्या दिवशी तो आतून निवू लागला. प्रत्येक आईला वाटले, आपलाच खड्डा गार आहे. पिंगीचे तर ते पहिलेच अंडे. आपण उथळ खणले असेल, वाकडे बसलो असू, मध्ये जरा डोळा लागला तेव्हाच ऊब निसटली असेल, असे तिचे चालले होते. शेजारच्या खड्ड्यातून भुरीमावशी म्हणे, "आमच्या वेळी नव्हतं बाई इतकं उकरावं लागत!" आणि स्वतः सारखी कूस बदले.

बोधिसत्त्व फेरीवर आले. "पिंगे, ऊब आहे?"

"आहे, आ... आहे." तिचे दात वाजत होते.

त्यांनी तिच्या राखेला पोट लावले.

"माझंच काहीतरी चुकलंय, काका," पिंगी पुटपुटली. "कुणाला सांगू नका."

ते पुढच्या खड्ड्याकडे गेले, मग त्याच्या पुढच्या. सगळे गार. पिंगीचे एकटे अंडे गुपचूप हलवता आले असते, पदही राहिले असते. पण उरलेल्या चाळीसजणी "आहे, आहे" म्हणत गारठत्या अंड्यांवर बसून राहिल्या असत्या.

दुपारी राजा उतारावर आला. "ऊब आहे?"

"नाही, महाराज," बोधिसत्त्व म्हणाले.



"हा उतार निवलाय. निवड माझी होती. चूक माझी आहे, या आयांची नाही."

मग भुरीमावशीचा बारीक आवाज आला, "माझाही खड्डा गारच आहे मेला." मग तिसरीचा, दहावीचा. पिंगीने मान वर केली. "म्हणजे सगळ्यांचेच?" ती आधी रडली, मग तिला हसू आले.

"तुमचं पद गेलं," राजा म्हणाला.

"बरं, महाराज. आधी अंडी हलवू या."

राजाने पश्चिमेचे आपले गरम राखेचे राखीव कुंड उघडले. आयांनी अंडी जबड्यात अलगद धरली. पुढे बोधिसत्त्व, पावलोपावली जमिनीला पोट लावत. दोन अंडी वाचली नाहीत. बाकीची तीन दिवस उशिरा, पंधराव्या दिवशी तडकली, पिंगीचे सर्वांत शेवटी. पिल्लू जरा बारीकच आहे, असे भुरीमावशीने लगेच सांगितले.

तेव्हापासून निखारू "ऊब आहे?" असे विचारल्यावर उत्तरासाठी थांबू लागले.

शास्त्यांनी, म्हणजे बुद्धांनी, ही कथा श्रावस्तीतल्या सुतनेला सांगितली. ती नुकतीच आई झाली होती. कुणी विचारले की "सगळं छान" म्हणे आणि आत जाऊन रडे. शास्ता म्हणाले, "सुतने, तेव्हाची पिंगी तूच. भुरीमावशी ही तुझी सासू, राजा धूमकेश हा माझ्यासोबतचा भिक्खू सुमेध, आणि पद गेलेला तो काका मीच होतो."

शेजारी बसलेली सासू खाली बघत म्हणाली, "मला तरी कुठं काय जमत होतं गं तेव्हा!"

आपली चूक आधी सांगून दुसऱ्यालाही बोलते करणारे जे सत्य, ती बोधिसत्त्वांची सत्यपारमिता, म्हणजे सत्याची परिपूर्णता.