कूर्चक ऋषींचा न वाळलेला शाप

पूर्वी मसीयुगात, जेव्हा देवांनी सृष्टी अजून पक्की केलेली नव्हती आणि नुसतं बोलून काहीच घडत नसे, तेव्हा सात समुद्रांपलीकडे मसीद्वीप नावाचं एक रमणीय द्वीप होतं. तिथल्या सरोवरांत रंगीत पाणी असे आणि ते डिंकात खललं की दिव्य शाई होई. हिरव्या शाईने भूर्जपत्रावर आंबा लिहावा, की अंगणात मोहरलेला आंबा उभा. तांबडीने वर लिहीत, निळीने मेघांना बोलावत, आणि काळीने शाप देत. मात्र शाई वाळली तरच शब्द खरा होई. ओला शब्द म्हणजे नुसता विचार.

या द्वीपावर महातपस्वी, महाक्रोधी, गुडघ्यापर्यंत दाढी असलेले कूर्चक ऋषी राहत. त्यांच्या आश्रमात हरिण आणि वाघ एकाच ओढ्यावर पाणी पीत, कारण भांडले असते तर ऋषी दोघांवरही ओरडले असते.

एके दिवशी राजा वीरतुंड शिकारीहून दमून आश्रमात आला. ऋषिपत्नी अरुणिकेने त्याच्यापुढे डिंकाचे लाडू ठेवले. राजाने एक खाल्ला, वा वा केलं, दुसरा खाल्ला, आणि बोलता बोलता ताट रिकामं केलं. इतक्यात ऋषी स्नानाहून आले.

"शेवटचा लाडू कुठे आहे?" ऋषींनी विचारलं.

राजाने मिशीवरचं खोबरं पुसलं.

"हे अधम राजा!" ऋषी गरजले. "सबंध चातुर्मास मी कंदमुळांवर काढला, तो या लाडवाकडे डोळे लावून! तू दगडी उखळ होशील, आणि चंद्रसूर्य असेपर्यंत लोक तुझ्यात डिंक कुटतील!"

"महर्षी, क्षमा!" राजाने पाय धरले. "मला राज्य आहे, मुलंबाळं आहेत. उखळाला राणी काय म्हणेल?"

पण ऋषी शाई खलायला बसलेही होते. त्यांनी डिंकाचा डबा उघडला. डबा रिकामा.

"अहो, होता नव्हता तो डिंक लाडवांत गेला," अरुणिका म्हणाली. "तुम्हीच म्हणालात, सढळ हाताने घाल."

क्रोधाला थांबणं माहीत नसतं. ऋषींनी डिंकाऐवजी गूळ घेतला, खलला, आणि सुंदर अक्षरात शाप लिहून भूर्जपत्र उन्हात ठेवलं.

शाई वाळेना. गुळाची शाई ती, नुसती चिकट होऊन चकाकत राहिली. पहिलं अक्षर तेवढं कडेकडेने वाळलं आणि राजाच्या उजव्या पायाचा अंगठा दगडाचा झाला. राजाने हंबरडा फोडला. ऊन चढत गेलं तसा ऋषींचा राग उतरत गेला, पण शाप पुसला तर तो पुसणाऱ्यालाच लागतो, अशी त्या द्वीपाची रीत. ऋषी दाढी कुरवाळत बसले. राजा अंगठा कुरवाळत बसला.

मग मुंग्या आल्या.

ऋषींचा हात झटकायला उठला, तोच अरुणिका कडाडली, "खबरदार! आश्रमात जीवहिंसा?"

हात खाली आला. मुंग्यांनी एकेक अक्षर चाटूनपुसून खाल्लं. भूर्जपत्र कोरं झालं.

"माते, शाप पुसला गेला!" राजा घाबरून म्हणाला. "आता तो बिचाऱ्या मुंग्यांना लागणार!"

"पुसला कुठे? खाल्ला," अरुणिका म्हणाली.

तेवढ्यात सरोवरातून मसीदेवता श्यामाक्षरा ठिबकत वर आली. तिने बराच विचार केला.

"खाण्याबद्दल आम्ही काही ठरवलेलं नाही," ती गंभीरपणे म्हणाली. "तरी ऋषिवचन वाया जात नाही. प्रत्येक मुंगीच्या पोटात एक अक्षर आहे. ज्या दिवशी त्या बरोबर क्रमाने एका रांगेत येतील, त्या दिवशी राजा उखळ होईल."

राजा पांढराफटक पडला.

"आणि रांगेच्या मध्येच कोणी गूळ ठेवला तर?" अरुणिकेने विचारलं.

"तर क्रम बिघडेल," देवता म्हणाली, आणि पुन्हा सरोवरात विरघळली.

तेव्हा राजाने सुटकेचा निःश्वास सोडला. पण त्याहून मोठा निःश्वास ऋषींचा होता. त्यांची दाढी उडून अरुणिकेच्या तोंडावर आली.

"राजा," ते हळूच म्हणाले, "पुढच्या वेळी येताना डिंक घेऊन ये."

राजाने डिंकाची गाडी पाठवली आणि राज्यभर दवंडी पिटवली, की मुंगी दिसली की तिला साखर घालावी. त्याचा अंगठा दगडीच राहिला. राजवैद्य त्यावर सुंठ कुटत, आणि फार बारीक होते म्हणत.

म्हणून मुंग्या आजही रांग लावतात. समोरासमोर आल्या की थांबून एकमेकींना विचारतात, "तुझ्या पोटात कुठलं अक्षर?" आणि जुळत आलं, आलं, म्हणेपर्यंत कोणीतरी चिमूटभर साखर टाकतं. जो ही साखर श्रद्धेने टाकतो, तो कधीही उखळ होत नाही. आजवर एकही झालेला नाही.